कुत्रा धरा

आमच्याकडे दार वाजवत नाहीत.
लांबूनच, घोड्यावरून उतरायच्या आधी,
ओरडायचं: कुत्रा धरा!
हाच नमस्कार. कुणी आहे का घरात, तेही यातच आलं.
ज्याच्याकडे कुत्रा नाही, त्याच्याही दारी हेच.

दुलमसुरेन आत्याचं लग्न या दोन शब्दांवर जमलं.
उणे पस्तीसची थंडी. चुकलेल्या मेंढ्या हुडकत
आलेला कुणी परका ओरडला,
तशी ती अनवाणीच धावली
आणि हासारच्या गळ्याला मिठी घालून बसली बर्फात.
म्हातारपणीही तो सांगायचा,
मी आधी जबडा पाहिला,
मग त्याला आवरणारे हात.

हासार काळा. भुवयांच्या जागी दोन तांबूस ठिपके,
म्हणून चार डोळ्यांचा.
दोन झोपले की दोन जागे, असं वडील म्हणायचे.
मी फटीतून रात्र रात्र पाहिलंय,
चारही मिटलेले असत.
लांडगे मात्र वडिलांच्या बाजूचे होते,
त्यांचा विश्वास होता.

ज्या हिवाळ्यात गवतावर बर्फाचं झाकण बसलं
आणि सहाशेतली एकोणीस जनावरं उरली,
त्याच हिवाळ्यात हासार गेला. म्हातारा होऊन, झोपेत.
वडिलांनी मेंढ्यांसाठी डोळ्यांतून टिपूस काढलं नव्हतं.
त्याला टेकडीवर नेलं.
तोंडात लोण्याचा गोळा ठेवला, वाटेत भूक लागेल म्हणून.
शेपूट कापून डोक्याखाली ठेवलं, उशीसारखं,
आणि कानाशी वाकून म्हणाले,
पुढच्या खेपेला माणूस हो.
थोडं थांबून, जरा ओशाळल्यासारखे,
तुला चालत असेल तर.

आता आम्ही उलानबातरमध्ये. सहावा मजला.
खिडकीतून कोळशाचा धूर, आणि धुरामागे डोंगर असावेत.
बेल वाजली तर वडील हलत नाहीत.
बेलला ते माणसाचा आवाज समजत नाहीत.

मागच्या महिन्यात गावाकडचा गोंबो आला.
लिफ्ट बंद. सहा जिने चढून, धापा टाकत,
त्या लांबलचक बोळात ओरडला: कुत्रा धरा!
सगळ्या मजल्याची दारं उघडली.
एक बाई हसली, एक रडायलाच लागली.
वडील उठले होते.
गुडघ्याइतक्या उंचीवर त्यांचे दोन्ही हात
हवेत काहीतरी घट्ट धरून होते.
गोंबो आत येऊन बसेपर्यंत त्यांनी ते सोडलं नाही.

मी प्रसूतिगृहात सुईण आहे.
मूल आलं की वजन, रडणं, बोटं मोजणं,
मग पालथं घालून कण्याच्या टोकावरून बोट फिरवणं.
नियमच आहे तो. तिथे खळगा नाही ना, पाहायचं.
पण माझं बोट तिथे
नियमापेक्षा जरा जास्त रेंगाळतं.

संध्याकाळी बूट काढत असते, तेव्हा वडील विचारतात,
आज कोण कोण आलं?
मी सांगते, चार मुली, तीन मुलगे.
ते मान हलवतात. चहा ओततात.
आणि भुवया? विचारतात,
भुवया कशा होत्या?