माजी

सातव्या दिवशी ओहोटी बघून
बाळाला राजपुरीच्या धक्क्यावर न्यायचं,
करवंटीत खारं पाणी घ्यायचं,
तळपायांवर तीनदा ओतायचं
आणि म्हणायचं: माजी, माजी, माजी.

का, ते झैबून फुफीला ठाऊक नाही.
तिच्या आईलाही नव्हतं.
मौलवीसाहेब म्हणाले, हे कुठे लिहिलंय?
फुफी म्हणाली, पाय धुऊ नयेत असं तरी कुठे लिहिलंय?

अब्बांना वाटायचं, शब्द 'माझी' असणार,
घासून घासून माजी झाला.
लेकरं माझी आहेत,
दर्याला बजावून ठेवायचं.
आपली माणसं जेव्हा मोजून विकत,
तेव्हा हा शब्द किती हळू म्हटला असेल, म्हणायचे,
आणि जाळ्याची गाठ आवळायचे.

आजोबांचं वेगळंच.
ते नवाबाच्या लाँचवर सुकाणी.
गोऱ्या साहेबाच्या कारकुनाने वहीत उतरवलं:
हबशी, खलाशी, वय अंदाजे चाळीस.
मग संस्थान गेलं, कागद आला: माजी सुकाणी.
बघा, म्हणाले,
सातव्या दिवशीच सांगितलं होतं मला.

आता धक्क्याला डिझेलचा तवंग.
माझ्या मरजानच्या वेळी फुफीने
नळाचं पाणी घेतलं, चिमूटभर मीठ टाकलं,
प्लास्टिकच्या मगात बोटाने ढवळलं.
पूर्वी फक्त मुलगे न्यायचे.
मरजान मुलगी. कुणी काही बोललं नाही.
किल्ल्याकडे निघालेल्या होडीतून
एकाने फोटो काढला, ओरडून विचारलं,
तुम्ही मूळचे कुठले?
मी म्हणालो, त्या निळ्या दाराच्या घरातले.

परवा सुरूरचा फोन आला, मोंबासाच्या बंदरातून.
मागे क्रेनची घरघर.
भाई, इथे टपरीवर एक बाई
पोराला रागावत होती, माजी सांडलं म्हणून.
माजी म्हणजे पाणी रे.
नुसतं पाणी.

फुफी वाकट्या वाळत घालत होती.
ऐकलं, माशी उडवली,
म्हणाली, म्हणजे पाण्याला आम्ही
पाणीच म्हणत होतो की.
आणि पुढची वाकटी दोरीवर टाकली.

रात्री जेवता जेवता तिला ठसका लागला.
हात पुढे करून म्हणाली, माजी दे.
'काय?' असं विचारायला
मी तोंड उघडलंच नाही,
उठून तांब्या भरून आणला.
किंचित खारट लागलं तिला.
बोअरला या दिवसांत तसंच येतं.