उलटी अक्षरं

तिच्या तोंडी शब्द घालायचं काम माझं.
काळा पुठ्ठा, सफेता, खारीच्या केसांचा कुंचला,
पाटीमागं दोन आणे आणि दुपारचा चहा.

तानूबाई हुपरीकर.
वाळे घडवणाऱ्याची लेक,
चित्रापुरते पायात मालकांचे उसने वाळे.

गोष्ट साधी: पोरगी एक, उमेदवार तीन.
पहिला कचेरीतला कारकून, सायकलसकट शेणात.
दुसरा तालमीतला गडी, फूल देताना शिंकतो.
तिसरा सावकाराचा बाब्या, कुत्र्याला भिऊन
छत्रीसह रंकाळ्यात.
जो जास्त भिजेल त्याच्या गळ्यात माळ,
असं वहीत लिहून ठेवलेलं.

तिनं माळ घातली. ओठ हलले.
मी पाटी रंगवली: ‘प्राणनाथ, ही दासी आपलीच!’
‘सी’च्या वेलांटीला शेवटी एक कळी काढली,
ती कुणी सांगितली नव्हती.

गंगावेशीतल्या तंबूत पडदा भिजवून ताणायचे.
पुरुष पुढं, बायका पडद्यामागं.
त्यांना चित्र दिसायचं, पाट्या उलट्या.
माझी वेलांटी त्यांना नुसती वेल.

माळ पडली. पुढून शिट्ट्या, फेटे हवेत.
मागं मात्र पाटी यायच्या आधीच
असा हशा उसळला
की यंत्र फिरवणाऱ्या पोराचा हात चुकला
आणि सावकाराचा बाब्या भराभरा लाजला.

कनात उचलून मी विचारलं, काय झालं?
शेंगा फोडत एक बाई म्हणाली,
‘ती काय बोलली त्ये दिसलं न्हाई व्हय तुला?
तोंड वाच की.’

मी चौथी पास माणूस.
तीन रात्री पुढून पाहिलं, चौथ्या रात्री
मागं पोत्यावर बसलो.
अक्षरं उलटी झाली
तेव्हा कुठं ओठ लागले वाचायला.

‘आटप मेल्या, वाळं टोचत्यात.
तिघातला एक बी नगं मला.’

सहाशे फूट फिल्म, महिनाभर रोज दोन खेळ,
आणि ती रोज तेच म्हणत होती.

मालकांना मी सांगितलं नाही.
पाटी बदलली नाही. दोन आणे घेतले.

दीड वर्षानं हुपरीहून निरोप आला:
दुकान काढलंय, पाटी पायजे.
गेलो. ती भट्टीपुढं बसलेली,
पायात काहीच नाही.
सफेता कालवला, कुंचला भिजवला,
आणि पहिल्यांदाच
काय लिहू म्हणून विचारून
तिच्या तोंडाकडे बघत थांबलो.