सव्वा रुपया

धुळ्याच्या शेतकी कॉलेजातून तो सायकलवर यायचा
न्याहळोदच्या बंधाऱ्यावर, वही आणि लांब टेप घेऊन.
नाव तोर्यालय. बाप म्हणायचा,
नावातच तोरा, पोरगं गरीब आहे.

बाप फडाचा पाटकरी.
बारी कुणाची, दार किती बोटं उघडायचं,
सगळं तोंडपाठ.
आमच्याकडे याला मीराब म्हणतात, तो म्हणाला,
आणि बूट काढून पाटात उतरला.

एका रात्री बापानं त्याला बारीवर बसवलं.
थंडी होती, घोंगडी होती, डुलकी लागली.
धुडकू पाटलाचा ऊस कोरडा,
पाणी सगळं नाल्यात.
‘पानी जपस का? मंग तू कसा जपना?’
सव्वा रुपया दंड.
मेसच्या पैशातून भरला. वर पावती मागितली.

पुढे तो तिकडे पाण्याचा मंत्री झाला.
पत्रातून फोटो आला: शिपाई, मोटारी, फीत,
मधोमध तो, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली.
बाप चष्मा पुसून बराच वेळ बघत राहिला.
म्हणाला, दार एक बोट जास्त उघडलंय.

मग सरकारं बदलली.
तीन खाती फिरला, एकदा तुरुंग,
हे दोन ओळींच्या कार्डावर कळलं.
नंतर कार्डही नाही.
बापही नाही.

परवा त्याची चोपडी वाळवीतून सोडवली.
चौऱ्याहत्तर साल, पौष.
तोर्यालय, राहणार काबूलपलीकडे,
सव्वा रुपया जमा.
शेजारी बापाचं वाकडं अक्षर:
पुन्हा बारीवर बसवावा.