अर्धा एचपी

कोपरखैरणेत, आमच्या मागच्या गल्लीत
पाणी पाच दहाला येतं, पाच पन्नासला जातं.
बावीस घरं, एक लाइन.
आणि मोटारी मी विकल्या.

पहिली हिंदुराव बाबरांना. माथाडी माणूस,
पोती वाहून वाहून गुडघे गेलेले,
वरच्या मजल्यावर बादल्या चढवणं होईना.
अर्धा एचपीच द्या, म्हणाले, शेजारी आहेत.
मी बिल केलं. वर्षाची गॅरंटी.

आठवड्याने येवलेबाई आल्या:
बाबरांची मोटार सुरू झाली की
आमचा नळ नुसता धापा टाकतो.
त्यांना एक एचपी दिली.
दिवाळीपर्यंत गल्लीत सतरा मोटारी,
सतरावी माझ्याच घरी.
दुकानाला नवं शटर.
आणि पाणी? तेवढंच.
मोरबेचं धरण काही माझं बिलबुक बघून भरत नाही.
टोकाला ठाकूरांकडे तर थेंब नाही.

भाची ऋजुता अर्थशास्त्र शिकते,
सुट्टीत गल्ल्यावर बसते.
बिलाच्या पाठीमागे तिने चौकट काढली,
एक रेघ उभी, एक आडवी. चार घरं.
मामा, हे बाबर, ह्या येवलेबाई.
दोघांनी बंद ठेवली: आठ-आठ बादल्या.
दोघांनी लावली: पाच-पाच, वर विजेचं बिल.
एकानेच लावली: त्याला बारा, दुसऱ्याला दोन.
आता सांग, बाबर काय करतील?
लावतील.
आणि येवलेबाई?
त्याही.
बघ, म्हणाली, कोणी वाईट नाही यात.
ते मला बरं वाटलं. तेवढ्यात तिने विचारलं,
मामा, तू कुठल्या घरात?

मी म्हटलं, गिऱ्हाईक आलंय, सरक.

मग फेब्रुवारीतल्या एका पहाटे
घणसोलीकडे केबल जळाली, लाइट गेली.
पाच दहाला पाणी आलं.
कुठे घुं नाही.
करंगळीएवढी धार, पण सगळीकडे,
ठाकूरांकडेसुद्धा.
अंधारात बादल्यांचा आवाज चढत गेला,
आधी पोकळ, मग भरीव.
लोक दारात आले. बोललं कोणी नाही,
मोबाइलच्या उजेडात जो तो
दुसऱ्याची बादली बघत होता.

रविवारी बैठक.
ठाकूर म्हणाले, सगळ्यांनी काढा.
सगळे म्हणाले, हो, सगळ्यांनी.
पण आधी कोणी?
कागद काढला, सह्यांवरून भांडण,
चहा दोनदा झाला.
शेवटी येवलेबाईच म्हणाल्या,
कागद कशाला? मोटार मुकी थोडीच आहे!
त्या वेळी सगळेच जागे असतो.
जो लावेल तो ऐकू येईल.
दुसऱ्या दिवशी आपणही लावू. एकच दिवस.
तिसऱ्या दिवशी परत बंद.

ऋजुता टेबलाखाली माझा पाय दाबत होती,
हेच, मामा, हेच पुस्तकात आहे.

आणि माझ्या बादल्या कोण चढवणार?
बाबर गुडघा चोळत पुटपुटले.
याला चौकटीत घर नव्हतं.
अर्धा तास घासाघीस. मग ठरलं,
येवलेबाईंचा पोरगा रोज चार चढवेल,
बदल्यात बाबरांच्या पत्र्याखाली त्याची बाइक.
पाच, बाबर म्हणाले.
चार, आणि रविवारी पाच.

चैत्र सरला. दुकानात आता पंखे ठेवतो,
पंखा शेजाऱ्याचा वारा ओढत नाही.
काल पहाटे मात्र घुं ऐकू आलं.
दोन मिनिटं. तीन असेल.
सोळा घरांत सोळा हात स्विचवर गेले असतील.
माझाही.
कुणाची होती? ठाकूरांकडे बाळंतीण आलीय म्हणतात.
किंवा नुसता कुणाचा मिक्सर.
मी थांबलो.
भिंतीपलीकडे येवलेबाईही
थांबल्या असाव्यात.
त्यांच्या बांगड्या वाजल्या,
मग बराच वेळ वाजल्या नाहीत.