पावणेतीन

दोन म्हणताना माझा तळवा चटईवर असतो.
तीन म्हणायला तो हवेत जातो,
आणि खाली येईपर्यंतच्या त्या फटीत
वाकुईचा खांदा उठतो.
बावीस वर्षं उठला.
त्या फटीला मी पावणेतीन म्हणतो.

वाकुई सादाहिरो. रिंगमध्ये नामाझू,
ज्याच्या शेपटीत भूकंप झोपलेला असतो तो मासा.
मुखवटा भावजयीनं शिवलेला,
एक मिशी दुसरीपेक्षा बोटभर लांब.
पहाटे हाचिनोहेच्या बाजारात बर्फाच्या पेट्या,
संध्याकाळी तेच खांदे दोरांवर.
कोणी म्हणालं, वास येतोय तुझा,
तर म्हणायचा, मासा आहे, मग काय मोगऱ्याचा येणार?

सात मल्ल, एक ट्रक, आणि मी:
पंच, ड्रायव्हर, फळ्या जोडणारा.
चोवीस फळ्या, त्यातली एक तडकलेली,
ती कुठल्या कोपऱ्यात आहे ते सगळ्यांना ठाऊक,
आपटायचं तर तिथे नाही, एवढाच आमचा कायदा.
बंद पडलेल्या शाळेचा हॉल. गरम झऱ्याच्या हॉटेलातली जेवणाची खोली,
म्हाताऱ्या बायका सूप पीत ओरडायच्या, ऊठ रे मेल्या!
जुन्या गाड्यांच्या दुकानाचं आवार,
प्रेक्षक त्रेसष्ट, त्यात नऊ पोरं अर्ध्या तिकिटात.

सगळं खोटंच असतं ना?
निकाल ठरलेला असतो, मी सांगायचो.
जमिनीला मात्र कोणी सांगितलेलं नसतं.

ट्यूबलाइट फोडायच्या कुस्तीनंतर
चोवीस तास उघड्या दुकानासमोर ट्रक थांबवून
मी चिमट्यानं त्याच्या पाठीतून काच काढत होतो.
तो अंड्याचं सँडविच खात मोजत होता, सतरा.
मग म्हणाला, नाओच्या शाळेचा फॉर्म आलाय,
वडिलांचा व्यवसाय.
काय लिहिलंस?
मासळी.

एकदा तोक्योच्या मोठ्या कंपनीचं बोलावणं आलं.
आठ मिनिटं मिळाली, हरायची.
रात्रीच्या बसनं परत आला,
पाकीट फोडलेलं नव्हतं.
दिवे फार असतात रे तिथे, एवढंच बोलला,
आणि फळ्या उतरवायला लागला.

आता नोशिरो.
आमची खूण साधी: पडल्यावर मी हात दाबायचा,
त्यानं उलटा दाबला की सगळं ठीक.
त्या रात्री मी दाबला. हात नुसता हात होता.
पुन्हा दाबला.
वर बसलेला कामादा, एकोणीस वर्षांचा पोरगा,
ओठ न हलवता म्हणाला, इगारी-सान?
जिंकायचा वाकुईच होता. तसं ठरलं होतं.
एक.
दोन.
माझा तळवा हवेत,
आणि तिथेच मला म्हातारपण आलं.
तीन.

आपल्या पायानं उतरला तो, मान हातात धरून.
घरापर्यंत तीन तासांचा रस्ता,
वायपर चालू, कोणी बोलेना.
शेवटच्या सिग्नलला म्हणाला,
खांदा उठत होता माझा.

निरोपाला दहा टोल वाजले,
रंगीत कागदाच्या फिती डोक्यावर, गळ्यात,
नाओ पहिल्या रांगेत, मोठी झालेली, हातात फोन.
डाव्या हाताची दोन बोटं अजून बधिर,
आता तो स्क्विड तोलतो, उजव्या हातानं.
बुधवारी मी जातो. तेच वाक्य ऐकतो.
उठत होता की नव्हता, मला माहीत नाही.
त्या रात्री सर्वांत जवळ मीच होतो,
आणि मी त्याच्या खांद्याकडे नाही,
बोटांकडे पाहत होतो.

मुखवटा कामादाला मिळाला.
पहिल्याच दिवशी त्यानं आरशासमोर
लांब मिशी कात्रीनं सारखी केली.
वाकुई बघत होता, बोलला नाही.
फळ्या आवरताना
तो बोटभर तुकडा मी उचलला
आणि पंचाच्या सदऱ्याच्या खिशात घातला.