बेडा

कंग्राळकरबाई पहिल्यांदा दुकानात आल्या तेव्हा
झेरॉक्स पाऊण रुपयाला होती,
आणि माझ्याकडं एकच मशीन, तेही सेकंडहँड,
काचेवर उजवीकडं एक डाग.
पिशवीतून त्यांनी कापडात बांधलेली वही काढली,
म्हणाल्या, पान उलटताना श्वास रोखून धरा.
मी धरला.

वही निंगाप्पा बडिगेरची.
हुक्केरीकडचा सुतार, दिवसा पेट्यांचे सांगाडे करायचा
आणि रात्री बंदिशी. खाली नाव घालायचा, मौनपिया.
शाळेत इतिहास शिकवून, शेवटची घंटा झाली की
बाई लाल बस धरायच्या. संकेश्वर. घटप्रभा. निपाणी.
तंबाखूच्या वखारीत दोन पानं मिळाली,
हुंगा, अजून वास येतोय, म्हणाल्या.
एका म्हातारीकडनं एक तान मिळाली,
तीसुद्धा दात नसल्यानं अर्धी.
लग्नाचं कुणी काढलंच तर सांगायच्या,
"सध्या मी एकोणीसशे तेहतीसमध्ये आहे."

मला गाण्यातलं काही कळत नाही.
खरं बावीस वर्षं एका माणसाचं अक्षर
हिरव्या उजेडावरनं सरकताना बघितलं की
तो आपल्या गल्लीतला वाटायला लागतो.
माझ्या काचेवरच्या डागानं
पूरियातला एक गंधार वर्षभर मंद्रात उतरला होता.
कळल्यावर बाईंनी मशीनला झापलं, मला नाही.
मग जाता जाता म्हणाल्या,
तसाही बरा वाटत होता.

त्याच पूरियाला अंतरा नव्हता.
"छेनी धरी हाथ, बोल न निकसे",
एवढीच अस्थाई, ब्रज तशी हुक्केरीच्या बाजारातली,
आणि खाली पेन्सिलीनं कन्नडात दोन शब्द:
अंतरा बेडा.
बाई कन्नड वाचायला चाळिशीत शिकलेल्या,
पहिलीच्या पुस्तकावरनं, अक्षराला अक्षर जोडत.
त्यांनी मानलं, बेडा हा शिष्य.
अंतरा त्याच्यापाशी राहिला असणार.

नऊ वर्षं बेडा शोधला.
देवळांच्या वर्गणीच्या याद्या, शाळांचे दाखले,
गोकाकच्या गिरणीतलं वाळवी लागलेलं हजेरीबुक.
सातवं प्रकरण सगळं त्याच्यावर,
एकेचाळीस पानं, तीन प्रती, मीच काढल्या.

एका गुरुवारी पानं लावता लावता
माझ्याकडचा फकिरप्पा, नववी नापास,
हसायलाच लागला.
बाई, हे नाव न्हवं. ब्याडा.
अंतरा ब्याडा. अंतरा नको.

मंडईत दिवसातनं शंभरदा ऐकलेला शब्द,
कोथिंबिरीच्या दुसऱ्या जुडीला स्वतः म्हटलेला,
कागदावर नीट कपडे घालून बसला
तर ओळखू आला नाही.

बाई स्टुलावर बसल्या.
लाईट गेली होती की मी मशीन बंद केलं, आठवत नाही.
बऱ्याच वेळानं म्हणाल्या,
"नको म्हणाला हो तो.
आणि मी नऊ वर्षं दार वाजवतेय."
फकिरप्पाला कुंद्याला पैसे दिले.
सातवं प्रकरण परत पिशवीत घातलं, फाडलं नाही.

पुस्तकाला अनुदान मिळालं नाही.
तिकडच्यांनी कळवलं, संगीतकार आमच्या राज्यातला नाही.
इकडच्यांनी कळवलं, ग्रंथ आमच्या भाषेतला नाही.
दोन्ही पत्रांची झेरॉक्स बाईंनी
एकाच कागदावर मागितली, पाठपोट.

तीनशे प्रती छापल्या. दोनशेच्या वर अजून
माझ्या माळ्यावर आहेत, टोनरच्या खोक्यांशेजारी.

परवा आल्या, काठी टेकत. एकच पान.
चार ओळी पूरिया, खाली सगळं कोरं.
मी म्हटलं, लहान कागदावर बसेल बाई,
कोरं कशाला छापायचं?
"ब्याडा," म्हणाल्या.
दोन रुपये काउंटरवर ठेवले
आणि पान हातात धरून, फुंकर घालत
वाळायची वाट बघत उभ्या राहिल्या.
झेरॉक्सला वाळायचं काही नसतं,
हे त्यांना मी बावीस वर्षं सांगतोय.