एक कागद कमी

ओताकार म्लचोख.
तोरणे म्हणाला, आधी पाणी पी, मग नाव घे.
पुढं कधीतरी कळलं, त्यांच्याकडे म्लचोख म्हणजे
फारसं न बोलणारा माणूस.
आणि हा पोटापाण्याला दुसऱ्यांच्या सिनेमांचे संवाद लिहायचा.
नऊ सिनेमे, नऊ दिग्दर्शक,
नाव शेवटून तिसरं, केशभूषेच्या जरा वर.

फिल्म सोसायटीचं पत्रक लिहायचं काम माझ्याकडे.
अक्षर बरं, शिवाय रात्रपाळीनंतर झोप येत नाही,
एवढीच पात्रता.
समोर पुण्याहून आलेला टाइप केलेला अर्धा कागद:
जन्म ब्रनोजवळच्या गावात, बाप रूळ तपासायचा.
पहिला स्वतःचा सिनेमा बासष्टला. दुसरा चौसष्टला.
तिसरा अडुसष्टच्या उन्हाळ्यात
पुरा झाला, लागला नाही.
पुढची ओळ थेट: सध्या निवृत्त.

हे एकोणऐंशी साल.

मी नाशिकरोडला, नोटांच्या छापखान्यात, मोजणीला.
आमच्याकडे एक कागद कमी भरला
तर फाटक उघडत नाही.
एकदा रात्री दोनपर्यंत तीनशे माणसं
रिकामे डबे घेऊन उभी,
बाहेर बायका, कुणाचं पोर तापानं फणफणलेलं.
कागद सापडला यंत्राखाली, तेलानं माखलेला,
तेव्हा साहेबही रडला म्हणतात.
आणि इथं एका माणसाची अकरा वर्षं कमी,
तरी घंटा झाली, फाटक उघडलं,
सगळे आपापल्या घरी.

पत्रकात मी अकरा ओळी कोऱ्या सोडल्या.
चिटणीस ठोंबरे तडकले, स्टेन्सिल फुकट येते का?
मी म्हटलं, मोजा.

फेब्रुवारी. शरणपूरच्या शाळेचा हॉल.
वकिलात परत मागायला विसरलेली प्रत
एसटीच्या टपावरून आली, पत्र्याच्या डब्यांत.
सोळा माणसं. अंधारात कुणीतरी
अनाबेशाहीच्या बिया थुंकत होतं.
पडद्यावर फारसं काही घडेना.
एक बाई नवऱ्याचा डबा भरते,
खिडकी लावते, परत उघडते.
यात बंदी घालण्यासारखं काय, ठोंबरेंनी विचारलं.
तोरणे यंत्राला तेल घालत होता. काही बोलला नाही.

दुसऱ्या रिळात पट्टी तुटली.
त्यानं दोन चौकटी कापल्या, उरलेलं चिकटवलं,
तुकडा माझ्या हातावर ठेवला:
घे, पत्रकाचं मानधन.

म्हातारपणी म्लचोखनं अजून एक केला म्हणे,
टीव्हीसाठी, चाळीस मिनिटांचा.
मी पाहिला नाही. पाहिलेला कुणी भेटलाही नाही.

पण तेव्हाचं सांगतो. दुसऱ्या दिवशी पाळी सुटताना
झडतीत पाकिटातून तो तुकडा निघाला.
पहाऱ्यावर कुशारे. माणूस वाईट नव्हता.
त्यानं सवयीनं तो उजेडाकडे धरला,
जसं आम्ही सगळेच काहीही धरतो,
लग्नपत्रिका, पोराचं प्रगतिपुस्तक.
जलचिन्ह शोधलं. तार शोधली.
मग नुसताच बघत राहिला.

बाई खिडकी लावतीय, का उघडतीय?

मागं रांग खोळंबली होती.